अळंबीच्या विटांचा मनोरा: न्यूयॉर्कच्या 'हाय-फाय'चं प्रकरण, आणि बुरशीची घरं बांधणाऱ्या फॅन्टसीतल्या आर्किटेक्टचं आयुष्य

फॅन्टसी लिहिणाऱ्या पोरापोरींच्या वहीत एक पात्र फार वेळा भेटतं, जिवंत बुरशीतून घरं उगवणारा आर्किटेक्ट. तो जंगलात राहतो, हात लावला की भिंत वाढते, दारावर भलीमोठी अळंबी छप्पर धरून उभी असते आणि त्याच्या शब्दावर गावच्या गाव जमिनीतून वर येतं. पात्र मला मनापासून आवडतं. पण हा माणूस सकाळी उठून नक्की करतो काय, त्याला झोप कशाने लागत नाही, त्याचं घर पडलं तर कशाने पडतं, हे विचारलं की सगळं जादूवर ढकललं जातं आणि माणूस आतून पोकळच राहतो. म्हणून इथे एक खरं प्रकरण सविस्तर लिहितेय. बुरशीच्या विटांचा खरा मनोरा, खरा आर्किटेक्ट, खरा उन्हाळा. त्यातले निर्णय एकेक करून बघितले की त्या काल्पनिक माणसाचं आयुष्य आपोआप दिसायला लागतं.

प्रकरण २०१४ चं. न्यूयॉर्कच्या क्वीन्स भागात लाँग आयलंड सिटीमध्ये मोमा पीएस१ नावाचं कलाकेंद्र आहे, जुन्या सरकारी शाळेच्या इमारतीत. नावातलं पीएस म्हणजे पब्लिक स्कूलच. तिथे मोमा, म्हणजे न्यूयॉर्कचं आधुनिक कलेचं संग्रहालय, आणि पीएस१ मिळून दरवर्षी तरुण आर्किटेक्ट्ससाठी एक स्पर्धा घ्यायचे, जिंकणाऱ्याने पीएस१ च्या अंगणात उन्हाळ्यापुरतं काहीतरी बांधायचं. मागणी अगदी साधी: सावली हवी, बसायला जागा हवी, पाणी हवं. शनिवारी तिथे संगीताचे कार्यक्रम व्हायचे, उन्हात शेकडो लोक यायचे, त्यांना जरा बरं वाटलं पाहिजे. आणि उन्हाळा संपला की अंगण रिकामं. २०१४ ला ही स्पर्धा डेव्हिड बेंजामिन यांच्या 'द लिव्हिंग' ह्या स्टुडिओने जिंकली. बेंजामिन कोलंबिया विद्यापीठात आर्किटेक्चर शिकवतात. त्यांनी दिलेली कल्पना अशी की 'हाय-फाय' नावाचा साधारण ४० फूट उंच मनोरा बांधायचा, सुमारे १०,००० विटांचा, आणि त्यातल्या बहुतेक विटा भाजायच्या नाहीत, ओतायच्या नाहीत, तर वाढवायच्या. मक्याची चिरलेली ताटं आणि बुरशी, बस.

ह्या मागणीत एक गोष्ट लपलीय जी पुढे सगळं ठरवते. इमारतीला शेवटची तारीख होती, आणि ती पहिल्या दिवसापासून माहीत होती. आपल्या नेहमीच्या बांधकामात कुणी क्लायंट येऊन सांगत नाही की मला हे तीन महिन्यांनी नको. इथे तेच सांगितलं होतं. बाकीचे स्पर्धक अशा वेळी लाकूड, कापड, स्टीलचे पाइप वगैरे विचार करतात आणि नंतर त्याचं काय करायचं ते नंतर बघतात. बेंजामिन यांनी शेवटापासून विचार सुरू केला. वस्तू कुठे जाणार हे आधी, ती कशाची हे त्यानंतर. त्यांचं म्हणणं बराच काळ हेच आहे की इमारत उभी करताना जी ऊर्जा खर्च होते आणि जो कार्बन हवेत जातो त्याचाही हिशोब आर्किटेक्टनेच ठेवायचा असतो, नुसता लाइट-एसीच्या बिलाचा नाही.

आता वीट कशी बनते ते. हे काम ग्रीन आयलंड नावाच्या गावातल्या इकोव्हेटिव्ह कंपनीने केलं, न्यूयॉर्क राज्यातच, आल्बनीच्या शेजारी. कंपनी २००७ ची, एबेन बेयर आणि गॅविन मॅकइन्टायर ह्या रेन्सेलर पॉलिटेक्निकमधल्या दोन विद्यार्थ्यांनी काढलेली. बेयर व्हर्माँटमधल्या शेतावर वाढलेले, लाकडाच्या चिपांचा ढीग बुरशीच्या पांढऱ्या धाग्यांनी एकमेकांना घट्ट धरून बसतो हे त्यांनी पाहिलेलं होतं. त्यांच्या मालाचा मोठा ग्राहक पॅकिंगवाला होता, थर्माकोलच्या जागी हे वापरायचं. डेल कंपनीने आपल्या सर्व्हरच्या पॅकिंगला ते वापरलंय. म्हणजे मनोऱ्याची वीट ही मुळात पॅकिंगच्या मालाची बहीण, आणि हे विसरायचं नाही, कारण ताकदीचा प्रश्न पुढे इथूनच येतो.

पद्धत अशी. शेतातला उरलेला माल बारीक करायचा, त्यातले बाकीचे जीव मरतील किंवा दबतील इतपत स्वच्छ करायचा, त्यात बुरशीचं बियाणं मिसळायचं, साच्यात भरायचं आणि झाकून ठेवायचं. उजेड लागत नाही, वेगळी भट्टी लागत नाही. बुरशीचे धागे, म्हणजे केसापेक्षा किती तरी बारीक नळ्या, त्या भुशात शिरतात, भुसा खातात, फांद्या फुटतात, एकमेकींत मिसळतात आणि पाच-एक दिवसात सगळा चुरा एकजीव होतो. वर जी अळंबी आपण खातो ते त्या जीवाचं फळ, खरं शरीर म्हणजे हे धागे, मायसेलियम. ह्या धाग्यांच्या भिंतीत कायटिन असतं, तेच जे खेकड्याच्या आणि कीटकांच्या कवचात असतं. साच्याचा आकार तो विटेचा आकार. मग वीट साच्यातून काढायची आणि गरम करून सुकवायची, म्हणजे वाढ थांबते.

आपल्याकडे धिंगरी अळंबी लावणाऱ्या कुणालाही ह्यातलं निम्मं काम ओळखीचं वाटेल. सोयाबीनचं किंवा गव्हाचं काड भिजवायचं, गरम पाण्यातून काढायचं, पिशवीत थर थर भरून मध्ये स्पॉन, म्हणजे अळंबीचं बियाणं, टाकायचं, अंधाऱ्या खोलीत टांगायचं, पंधरा-वीस दिवसांत पिशवी आतून पांढरीशुभ्र होते. त्या वेळी पिशवीवरचं प्लास्टिक काढलं आणि खाली टाकलं तरी काड सुटत नाही, गठ्ठा तसाच राहतो. तो गठ्ठा म्हणजे बांधकामाची वीटच की! फरक एवढाच की धिंगरीवाला तिथून पुढे पाणी, उजेड आणि मोकळी हवा देऊन फळ काढतो आणि विटेवाला नेमकं तिथेच थांबवतो.

आणि धिंगरीवाल्याची खरी भीती काय असते ते कुणी फॅन्टसीत लिहीत नाही. हिरवी बुरशी. ट्रायकोडर्मा. काड नीट उकळलं नाही, हात धुतले नाहीत, खोलीत मागच्या लॉटची एखादी खराब पिशवी राहिली, की दोन दिवसात पांढऱ्यावर हिरवे डाग आणि मग लॉटच्या लॉट बाहेर. ज्या भुशावर आपली बुरशी वाढते त्याच्यावर दुसऱ्या शंभर बुरश्यांचाही डोळा असतो, आपण फक्त आपलीला आधी घुसायची संधी देतो. १०,००० विटा वाढवायच्या म्हणजे ही शर्यत १०,००० वेळा जिंकायची. तुमच्या त्या काल्पनिक आर्किटेक्टच्या घरात सगळ्यात जास्त वेळ कशात जात असेल तर तो पाणी तापवण्यात, भांडी उकळण्यात, हात धुण्यात आणि शिकाऊ पोरांवर ओरडण्यात. मंत्र म्हणण्यात नाही. त्याच्या जगात शत्रूला गाव पाडायचं असेल तर दगडफेक करायची गरज नाही, एक मूठ हिरवी बुरशी वाढवणीच्या खोलीत नेऊन टाकली की झालं.

आता ताकद. इथे लोकांचा सगळ्यात मोठा गोंधळ होतो, एक गट म्हणतो हे दगडाहून मजबूत आहे, दुसरा म्हणतो फुंकर मारली तर पडेल. दोन्ही चूक. मायसेलियमचा असा माल घनमीटरला साधारण ५० ते ३०० किलो भरतो, मातीची भाजकी वीट १,६०० ते १,९००. दाब सोसायची ताकद बघितली तर आपल्याकडे सगळ्यात खालच्या वर्गाच्या भाजक्या विटेलाही चौरस सेंटिमीटरला ३५ किलोच्या आसपास दाब सोसावा लागतो, हा माल एक-दोन किलोपासून फार तर दहा किलोपर्यंत जातो. ऐकायला भयानक वाटतं. पण थोडं गणित करा. घनमीटरला १०० किलोचा माल धरला आणि १२ मीटर उंच रचला तर तळाच्या विटेवर स्वतःच्या वजनाचा दाब येतो चौरस मीटरला १,२०० किलो, म्हणजे चौरस सेंटिमीटरला ०.१२ किलो. एक किलोच सोसणारी कमजोर वीट धरली तरी आठपट जागा उरते. हलकं असणं हीच त्याची ताकद आहे. (हे आकडे समजण्यासाठी मी धरलेत, 'हाय-फाय'च्या विटेचे नेमके नाहीत.)

मग भीती कशाची? वाऱ्याची. ताशी १०० किमीचा वारा सपाट भिंतीवर चौरस मीटरला साधारण ४७ किलो ढकलतो. एक मीटर रुंद आणि १२ मीटर उंच पट्टी घेतली तर साडेपाचशे किलोच्या वर आडवा रेटा. त्याच पट्टीचं वजन, भिंत एक फूट जाड धरली तर, आपल्या ह्या मालात ३६० किलो आणि भाजक्या विटेत साडेसहा टन. भाजक्या विटेची भिंत आपल्या वजनानेच बरीचशी बसून राहते, बुरशीची भिंत वजनावर विसंबू शकत नाही. त्यात माल मऊ. दाबला की लगेच तुटत नाही, आधी दबतो, वाकतो, आणि म्हणून भिंत तुटण्याआधी भिंत झुकणं हा प्रश्न येतो. ह्या मनोऱ्याचं स्ट्रक्चरचं काम अरुप ह्या नामांकित इंजिनीयरिंग कंपनीकडे होतं, आणि विटांच्या चाचण्या करूनच पुढे गेले, कारण ह्या मालासाठी कुठल्या कोडबुकात तयार तक्ता नव्हता की पान उघडलं आणि आकडा घेतला.

आकार बघा आता, त्याच्याकडे ह्या नजरेने बघितलं की सगळं उलगडतं. मनोरा सरळ चौकोनी भिंतींचा नाहीये. गोल नळकांडी एकमेकांत मिसळलेली, खालून फुगीर, वर जाताना वेगळी होणारी धुराडी. गोल भिंत म्हणजे वारा सरकून जातो, आणि वाकडी भिंत सरळ भिंतीपेक्षा स्वतःला जास्त धरते, कागद सरळ उभा राहत नाही पण गुंडाळला की राहतो तसं. नळकांडी एकमेकांना खेटलेली म्हणजे एक झुकायला लागलं तर दुसरं आडवं येतं. तर ते रूप जे फोटोत एवढं स्वप्नासारखं दिसतं ते हौसेने आलेलं नाही, हलक्या आणि मऊ मालाला उभं करायचं असेल तर असंच काहीतरी करावं लागतं. मला ह्या प्रकरणातला सगळ्यात सुंदर भाग हाच वाटतो. फॅन्टसीतली बुरशीची घरं गोल, फुगीर, वाकडी काढतात ती गोड दिसतात म्हणून काढतात, पण चुकून ते बरोबरच निघतं. चौकोनी बुरशीचा वाडा काढलात तर त्याला आतून लाकडाचा सांगाडा द्या, नाहीतर पहिल्या वादळात आडवा.

आकाराचा दुसरा फायदा हवेचा. खाली विटांच्या रचनेत मुद्दाम फटी, वर मोकळी तोंडं. गरम हवा वर जाऊन बाहेर पडते, खालून थंड आत येते, जुलैच्या न्यूयॉर्कमध्ये पंख्याशिवाय आत बरं वाटतं. वरच्या भागात वेगळ्या विटा होत्या, चकचकीत, ३एम कंपनीच्या आरशासारख्या फिल्मच्या. त्या उजेड खाली आत फेकायच्या. आणि ह्याच चकचकीत विटा आधी वाढवणीचे साचे म्हणून वापरलेल्या, म्हणजे त्यांच्या पोटात बुरशीच्या विटा वाढल्या आणि मग साचे स्वतःच मनोऱ्यावर चढले. उन्हाळा संपल्यावर ते परत ३एमकडे पुढच्या संशोधनाला. साचा फेकायचा नाही, साच्यालाही इमारतीत जागा द्यायची, हे मला तरी आधी कुठे दिसलं नव्हतं.

जून २०१४ च्या शेवटी मनोरा लोकांसाठी खुला झाला आणि सप्टेंबरच्या पहिल्या आठवड्यापर्यंत राहिला. ह्याबद्दल जास्त सांगण्यासारखं नाही, लोक आले, गाणी ऐकली, सावलीत बसले, मनोरा उभा राहिला. त्याच जुलैमध्ये ऑटोडेस्क ह्या सॉफ्टवेअर कंपनीने 'द लिव्हिंग' स्टुडिओ विकत घेतला, त्यावरून लोकांचं लक्ष किती वेधलं गेलं होतं ते कळतं. मग मनोरा उतरवला, विटा कंपोस्टला गेल्या, आणि ती माती शहरातल्या लोकांच्या बागांमध्ये.

इथे थांबून एक गोष्ट स्पष्ट बोलायला हवी कारण बातम्यांमध्ये ह्याला सर्रास जिवंत इमारत म्हटलं गेलं. मनोऱ्यातल्या विटा जिवंत नव्हत्या. वाढवून झाल्यावर त्यातली बुरशी मारली होती, उभी होती ती तिची जाळी. आणि हे आर्किटेक्टने कंजूसपणा केला म्हणून नाही, जिवंत ठेवली असती तर मनोरा टिकलाच नसता. बुरशी चुऱ्याला जोडते ती चुरा खाऊनच जोडते. पहिले पाच-सहा दिवस जोडणं जास्त आणि खाणं कमी, त्यानंतर हिशोब उलटा फिरतो. मक्याच्या ताटाचं हळूहळू पाणी आणि कार्बन डायऑक्साइड होत जातं, वीट आतून पोकळ होते. ज्या जीवाने भिंत बांधली तोच ती संपवतो, कुणी बाहेरून यायची गरज नाही. त्यात बुरशी श्वास घेते आपल्यासारखाच, ऑक्सिजन आत आणि कार्बन डायऑक्साइड बाहेर, बंद खोलीत चारही भिंती जिवंत असतील तर झोपणाऱ्याचं डोकं दुखायला लागेल. पाणी मिळालं आणि उजेड लागला की भिंतीला फळं धरणार, ती पिकली की खोलीभर बीजाणू. धिंगरीच्या शेडमध्ये मास्क न लावता काम करणाऱ्यांना खोकला आणि श्वासाचा त्रास होतो तो ह्याच बीजाणूंनी. आता हे घर म्हणून विचार करा, त्यात म्हातारी आजी आणि तान्हं बाळ.

म्हणून माझं ठाम मत असं झालंय की बुरशीने बांधणाऱ्या आर्किटेक्टचं मुख्य कौशल्य वाढवणं हे नाहीच, वाढायची ती स्वतःच वाढते. कौशल्य आहे थांबवण्याचं. कुठल्या तासाला मारायची. एक दिवस लवकर मारली तर वीट भुरभुरते, चार दिवस उशीर झाला तर फळं धरायला लागतात आणि आतला माल खाल्ला जातो. बेंजामिन यांच्या प्रकरणात हा निर्णय दोनदा आहे, एकदा विटेसाठी, एकदा अख्ख्या मनोऱ्यासाठी, आणि दुसरा त्यांनी पहिल्याच्या आधी घेतला होता.

जिवंत ठेवूनच बांधायचं असेल तर? प्रयत्न चालू आहेत. युरोपात २०१९ पासून फुंगार नावाचा प्रकल्प झाला, कोपनहेगन, ब्रिस्टल, उट्रेख्टचे लोक आणि इटलीची मोगू कंपनी मिळून, त्यांचा विचार असा की भिंतीतली बुरशी जिवंत राहावी आणि तिच्या धाग्यांतून जे विजेचे बारीक इशारे जातात त्यावरून भिंतीला उजेड, स्पर्श, ओल कळावी. नासाच्या एम्स केंद्रात लिन रॉथ्सचाइल्ड यांची टीम मंगळावरच्या घरांसाठी विचार करतेय, बुरशी सुप्त अवस्थेत हलक्या पिशवीत न्यायची, तिथे पाणी दिलं की वाढून घर भरेल. पण त्यांच्याही मूळ आराखड्यात घर तयार झालं की उष्णता देऊन बुरशी मारायची पायरी आहे. आपल्या देशातलं उदाहरण फोर्ट कोचीचं आहे, २०१६-१७ च्या कोची बिनाले ह्या मोठ्या कलाप्रदर्शनाच्या काळात तिथे प्लायवूड आणि स्टीलच्या सांगाड्यावर काथ्याच्या भुशात बुरशी वाढवून एक मांडव केला होता, वरचा थर उन्हाने मरून कवच होतो आणि खालच्याला झाकतो अशी कल्पना. पुन्हा तेच, मेलेला थर जिवंताला सांभाळतो आणि वजन तिसराच कुणी घेतो.

आणि ह्या सगळ्यांच्या कितीतरी कोटी वर्षं आधी हे काम ज्यांनी सोडवलंय ते आपल्या माळावर, कोकणातल्या कुंपणाशी, शेताच्या बांधावर आहेत. वारूळ. आपल्याकडच्या ओडोंटोटर्मिस जातीच्या वाळव्या वारुळात बुरशीची शेती करतात. वाळवीला लाकूड आणि पालापाचोळा नीट पचत नाही, ती तो अर्धवट चावून-गिळून बाहेर टाकते, त्याचे पोळ्यासारखे भुसभुशीत गोळे रचते, त्यावर टर्मिटोमायसिस नावाची बुरशी वाढते आणि पचवायचं काम ती करते. मग वाळव्या जुना, तयार झालेला गोळा खातात, नवा कच्चा वर रचतात. पहिल्या पावसानंतर वारुळावर ज्या अळंब्या येतात, ज्यासाठी कोकण-गोव्यात लोक पहाटे रानात जातात आणि जागा कुणाला सांगत नाहीत, ती ह्याच आतल्या शेतीची फळं.

ह्या वाळव्यांनी काय केलंय ते आर्किटेक्टच्या नजरेने बघा. वजन मातीवर. वारा, पाऊस, शत्रू सगळं मातीच्या भिंतीने घ्यायचं. बुरशी आत, अंधारात, दमट जागी, तिच्यावर एका ग्रॅमचा भार नाही. तिला रोज नवं खायला द्यायचं म्हणजे ती घर खात नाही. तिचा श्वास बाहेर जावा म्हणून वारुळात हवेच्या वाटा. आणि तण काढायचं, रात्रंदिवस. वारुळात एक तणबुरशी दबा धरून असतेच, झायलेरियाच्या कुळातली, वाळव्या आहेत तोवर ती डोकं वर काढू शकत नाही, तण लागलेला भाग त्या मातीने गाडून टाकतात. वाळव्या मेल्या किंवा गोळे बाहेर काढून ठेवले की थोड्याच दिवसात सगळीकडे तणबुरशी. म्हणजे जिवंत बुरशीचं घर शक्य आहे, पण त्याला रखवालदार लागतात, लाखो, बिनपगारी, न झोपणारे.

तर मग त्या काल्पनिक आर्किटेक्टकडे परत. त्याला मी आता असा बघते. त्याच्याकडे दोन प्रकारची कामं येतात. एक मेलेल्या विटांची: जत्रेचा मंडप, लग्नाचा मांडव, एका पावसाळ्याची झोपडी, छावणी, धान्य निघेपर्यंतचं कोठार. हे तो आनंदाने घेतो, ह्यात तो राजा आहे. आठवड्यात विटा, महिन्यात इमारत, हंगाम संपला की खत. दुसरं जिवंत काम. ते मोठ्या मंदिराचं किंवा राजवाड्याचं, तिथे दगड किंवा माती भार घेते आणि आत बुरशी पोसलेली असते, औषधासाठी, अन्नासाठी, किंवा भिंतीला काही कळावं म्हणून. अशा प्रत्येक घराबरोबर तो एक अख्खं कुटुंब नेमून देतो, पिढ्यान् पिढ्या भरवायला आणि तण काढायला. ते कुटुंब गाव सोडून गेलं तर घर वर्षभरात मेलं. ह्या कुटुंबांची जात कुठली, त्यांचा मान काय, त्यांना सोडून जाता येतं का, हे लिहिणाऱ्याने ठरवायचंय, आणि मला वाटतं ह्या जगातलं अर्धं राजकारण इथे आहे.

त्याचा वारसा म्हणजे नकाशे नाहीत, बियाणं आहे. कुठल्या बुरशीची जात पाच दिवसात जोडते आणि उशिरा फळ धरते, ती शुद्ध राखणं, नव्या काडावर चढवत नेणं, दर काही पिढ्यांनी जंगलातून नवं रक्त आणणं. अमेरिकेत ओरेगॉनच्या मॅल्हिअर जंगलात एकाच बुरशीचं शरीर सुमारे ९६५ हेक्टरवर पसरलंय आणि त्याचं वय हजारो वर्षांचं धरतात. असं काही त्याच्या जंगलाखाली असेल तर त्याची सगळी घरं एकाच आईची लेकरं आहेत, आणि एकाच रोगाने सगळी जाऊ शकतात. शहाणा असेल तर तो दोन-तीन वेगळ्या जाती लपवून ठेवेल आणि हे राजाला सांगणार नाही.

आणि भांडण. भांडण कडब्यावरून. 'हाय-फाय'ला मक्याची ताटं मिळाली कारण अमेरिकेत ती बऱ्याच ठिकाणी शेतातच पडून राहतात, तिथे त्याला टाकाऊ म्हणता येतं. आपल्या मुलखात कडबा टाकाऊ कधीच नव्हता, तो गुरांचा घास आहे, आणि सोयाबीनचं भुसकट, तूस, तुरीच्या काटक्या ह्या चुलीपासून गोठ्यापर्यंत कुठे ना कुठे बोलून ठेवलेल्या असतात. आर्किटेक्टला हजार विटा हव्यात म्हणजे तेवढा चारा कुणाच्या तरी दावणीतून कमी होतो. पाऊस बरा असेल तर शेतकरी देतो, त्या बदल्यात घर उतरवलं की खत आपल्या शेतात यायचं असा करार करतो, आणि हा करार चांगला आहे, दोघांचं भलं. पण दुष्काळ पडला, गुरं हंबरायला लागली, आणि त्याच वर्षी सीमेवरून पळून आलेली माणसं उघड्यावर बसलीत आणि त्यांना महिन्याभरात छप्पर हवंय, तर गावकरी कडब्याच्या गंजीपुढे काठ्या घेऊन उभे राहतील आणि पलीकडे हा माणूस हातात बियाण्याची परडी घेऊन. मला ह्या पात्राची गोष्ट वाचायची असेल तर ती ह्या दिवसापासून सुरू व्हावी.